सरकारी कामाचं बिल अडकलं तर कोर्टात कसं जायचं: मुंबईतल्या ठेकेदारांसाठी टप्प्याटप्प्याने

मी वकील नाही. ठेकेदारांचे क्लेम कागदावर उभे करून वकिलांच्या हातात देणं हे माझं काम. फोर्टातल्या माझ्या टेबलावर येणाऱ्या फायलींत एकच चूक पुन्हा पुन्हा दिसते: स्मरणपत्रांचा जाड गठ्ठा असतो, पण मोजमापाचा एकही कागद नसतो.

गेल्या पावसाळ्यात एक ठेकेदार प्लास्टिकच्या पिशवीत फाईल घेऊन आले. एका सरकारी इमारतीच्या दुरुस्तीचं अंतिम देयक अडकलं होतं. पिशवीत सत्तावीस स्मरणपत्रं होती आणि प्रत्येकावर आवक शिक्का होता. काम संपून तीन वर्षं चार महिने उलटले होते. "साहेब, मी तर दर महिन्याला पत्र दिलंय," असं ते म्हणत होते. पण स्वतःच्या पत्रांनी दाव्याची मुदत वाढत नाही, हे त्यांना कोणी सांगितलंच नव्हतं. त्या फाईलचं पुढे काय झालं ते पहिल्या टप्प्यात येतंच. खाली दिलेला क्रम मोडू नका. बहुतेक नुकसान क्रम चुकल्यानेच होतं.

टप्पा १: सगळ्यात आधी तारीख काढा

वकिलाकडे जाण्याआधी एका कोऱ्या कागदावर तीन तारखा लिहा: काम प्रत्यक्ष पूर्ण झाल्याची, शेवटचं पेमेंट खात्यात आल्याची, आणि खात्याच्या सहीचं शेवटचं पत्र मिळाल्याची.

मुदत कायदा १९६३ प्रमाणे केलेल्या कामाच्या पैशांसाठी तीन वर्षांत दावा लावावा लागतो. पैसे देण्याची तारीख करारात ठरलेली नसेल, तर अनुच्छेद १८ प्रमाणे ही तीन वर्षं काम झाल्या दिवसापासून मोजली जातात. बिल कधी टाकलं किंवा फाईल लेखा शाखेत कधी गेली, याला इथे किंमत नाही. दोन-तीन तारखांत गोंधळ असेल तर सर्वांत आधीची तारीख धरून चाला.

मुदत नव्याने सुरू होण्याचे दोन मार्ग आहेत. त्याच कायद्याच्या कलम १८ प्रमाणे (हे वरच्या अनुच्छेद १८ पेक्षा वेगळं), मुदत संपण्याआधी समोरच्याने सही करून देणं लेखी मान्य केलं, तर त्या सहीच्या तारखेपासून पुन्हा तीन वर्षं मिळतात. कलम १९ प्रमाणे, मुदतीच्या आत थोडे पैसे दिले आणि त्याची लेखी नोंद असली, तरी तसंच होतं. "निधी उपलब्ध होताच देयक अदा करण्यात येईल" हे कार्यकारी अभियंत्यांच्या सहीचं एका ओळीचं उत्तर म्हणूनच लाखमोलाचं असतं. पैसे देण्याची वेळ अजून आलेली नाही असं त्यात म्हटलं असलं, तरी कलम १८ ला ते चालतं. पत्र तुमच्याच नावाने असलं पाहिजे, असंही नाही.

पिशवीतली फाईल इथेच तरली. माहिती अधिकारात अर्ज केला तेव्हा विभागीय कार्यालयाने त्याच्या वरच्या मंडळ कार्यालयाला पाठवलेलं निधी मागणीचं पत्र मिळालं. सोबतच्या तक्त्यात या कामाचं नाव, देयकाची रक्कम आणि खाली सही होती. तारीख मुदतीच्या आतली होती. आता त्या एका पानावर अख्खा दावा उभा आहे. फाईलवरची नुसती टिपणी असती तर वाद वाढला असता. एका कार्यालयाने दुसऱ्याला सही करून धाडलेलं पत्र वेगळं पडतं.

हिशेबाचा नमुना पाहा. काम २० मार्च २०२३ ला पूर्ण झालं, म्हणजे मुदत २० मार्च २०२६ पर्यंत. मधे ८ ऑगस्ट २०२४ ला खात्याने सहीचं मान्यतापत्र दिलं असेल, तर नवी मुदत ८ ऑगस्ट २०२७ पर्यंत जाते. दाव्याआधी सरकारला द्यायच्या नोटिशीचे (टप्पा ५) दोन महिनेही मुदतीच्या हिशेबातून वजा मिळतात, पण ती सवलत अडचणीपुरती ठेवा. तिच्यावर विसंबून तारखा आखू नका.

> इशारा: "साहेब बदलले की होईल", "मार्चमध्ये निधी येतोय", "बोलणी चालू आहेत". यातल्या कशानेही मुदत थांबत नाही. अडीच वर्षं उलटली असतील तर हा लेख बाजूला ठेवा आणि आजच वकिलाकडे जा.

टप्पा २: मोजमाप हातात घ्या

पैशांचा दावा शेवटी मोजमाप पुस्तिकेवर, आपल्या भाषेत एमबीवर, येऊन थांबतो. किती ब्रास खोदाई, किती घनमीटर काँक्रीट, कोणत्या तारखेला मोजलं, कोणी तपासलं, हे सगळं तिथे असतं. आणि बहुतेक ठेकेदारांकडे तिची प्रतच नसते.

ती मिळवायचा सरळ रस्ता माहिती अधिकार कायदा २००५ चा. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून अर्ज करा. उत्तराची मुदत तीस दिवसांची आहे. महाराष्ट्राच्या नियमांत अर्ज १५० शब्दांत आणि एकाच विषयाचा हवा, त्यामुळे सगळं एका अर्जात कोंबलं की तो परत येतो. वेगवेगळे अर्ज करा:

१. या कामाच्या मोजमाप पुस्तिकेची पहिल्या नोंदीपासून शेवटच्या नोंदीपर्यंत सर्व पानं, साक्षांकित.
२. सर्व आरए बिलं (काम चालू असताना टाकलेली बिलं) आणि अंतिम देयक, लेखा शाखेच्या शेऱ्यांसह.
३. मुदतवाढीचे प्रस्ताव आणि त्यावरचे आदेश.
४. जादा बाबींचे प्रस्ताव आणि दरमंजुरी.
५. या कामाच्या निधी मागणीचा पत्रव्यवहार.

पाचवा अर्ज बहुतेक जण विसरतात. त्यानेच काय साधतं ते वर पाहिलंत.

पानं आली की घाई न करता वाचा. प्रत्येक मोजमापाखाली तारीख आहे का? उपअभियंत्यांची तपासणीची सही आहे का? तुमची सही कुठे आहे आणि तिच्या वर काय लिहिलंय? "मोजमाप मान्य" एवढंच असेल तर ती फक्त मोजमापाला दिलेली मान्यता आहे. "यापुढे कोणतीही मागणी नाही" असं असेल तर गोष्ट वेगळी, आणि तिच्याबद्दल तिसऱ्या टप्प्यात सांगतो.

झाकलं जाणारं काम, म्हणजे पाया, गटाराखालचा थर, प्लॅस्टरमागची दुरुस्ती, हे बुजवण्याआधी मोजून घेतलं नसेल तर नंतर त्याला पुरावा उरत नाही. चालू कामावर असाल तर आजपासून सवय लावा: टेप लावून फोटो काढा आणि तो त्याच दिवशी कनिष्ठ अभियंत्यांना ईमेल करा.

> तपासा: व्हॉट्सॲपचे मेसेज, फोटो, ईमेल वापरायचे असतील तर भारतीय साक्ष्य अधिनियम २०२३ च्या कलम ६३ चं प्रमाणपत्र लागतं. त्याचे दोन भाग असतात, एक तुमचा आणि एक तज्ज्ञाचा. मूळ फोन विकू नका, फॉरमॅट करू नका.

टप्पा ३: क्लेमचे ढीग वेगळे करा

"माझे चौऱ्याऐंशी लाख येणं आहे" हा क्लेम झाला नाही. चार तक्ते करा.

पहिल्यात खात्याने मोजलेली, मंजूर केलेली, पण न दिलेली रक्कम. हा सर्वांत बळकट ढीग. तो स्वतंत्र ठेवला तर खात्याच्या कबुलीवरच तेवढ्यापुरता लवकर निकाल मागता येतो.

दुसऱ्यात सुरक्षा अनामत. ती दोषदायित्व कालावधी, म्हणजे कामात दोष निघाला तर तो दुरुस्त करण्याची जबाबदारी तुमच्यावर असलेला काळ, संपल्यावर देय होते, म्हणून तिची तारीख वेगळी धरा.

तिसऱ्यात जादा बाबी आणि निविदेपेक्षा वाढलेली परिमाणं. इथेच सर्वांत जास्त मार खाल्ला जातो. साइटवर साहेब येतात, "ही भिंतही घेऊन टाका, नंतर बघू" म्हणतात. तुम्ही घेता, आणि ते 'नंतर' काही उजाडत नाही. सार्वजनिक बांधकाम विभागाच्या बी-१ या ठरलेल्या नमुन्याच्या करारनाम्यात वाढीव परिमाण आणि जादा बाबींचे दर कसे ठरवायचे याची स्वतंत्र कलमं आहेत. आपल्या करारात ती शोधून अधोरेखित करा. तोंडी आदेश मिळाला की त्याच संध्याकाळी एवढं पत्र जाऊ द्या:

"आज दि. ___ रोजी साइटवर उपअभियंता यांनी दिलेल्या तोंडी सूचनेनुसार ___ हे काम सुरू करीत आहोत. ही बाब निविदेत नाही. लेखी आदेश व दरमंजुरी मिळावी. कामाचे मोजमाप बुजवण्यापूर्वी घेण्यात यावे."

ते पत्र गेलं नसेल तरी दार पूर्ण बंद नाही. करार कायदा १८७२ चं कलम ७० सांगतं की फुकट करण्याचा हेतू नसताना केलेल्या कामाचा लाभ दुसऱ्याने घेतला, तर त्याने मोबदला दिला पाहिजे. सरकारशी रीतसर लेखी करार नसतानाही हे कलम लागू पडतं, असा सर्वोच्च न्यायालयाचा १९६१ सालचा बी. के. मोंडल खटल्यातला निकाल आहे. मात्र काम झालं आणि खात्याने ते वापरलं, हे तुम्हालाच सिद्ध करावं लागतं. दावा लिहितानाच कलम ७० चा पर्याय घाला.

चौथ्यात नुकसानभरपाई: जागा उशिरा मिळाली, नकाशे उशिरा आले, यंत्रं आणि मजूर बसून राहिले. यासाठी हजेरीपट, डिझेलची बिलं आणि त्या-त्या वेळी दिलेली पत्रं लागतात. ती नसतील तर हा आकडा फुगवू नका. फुगवलेला चौथा ढीग पहिल्या ढिगावरचा विश्वासही घालवतो, हे मी डोळ्यांनी पाहिलंय.

आयकराचा टीडीएस, जीएसटीचा दोन टक्के टीडीएस, कामगार कल्याण उपकराचा एक टक्का, या कायदेशीर कपाती आहेत. त्या "अडवलेले पैसे" म्हणून क्लेममध्ये धरू नका.

> इशारा: अंतिम देयकावर "पूर्ण व अंतिम, काही मागणी नाही" अशी सही मागितली आणि पैशांसाठी ती करावीच लागली, तर सही करताना "हरकत राखून" लिहा. लिहू दिलं नाही तर त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी लेखी हरकत नोंदवा. सहा महिन्यांनी "दबावाखाली सही केली" म्हटलं तर कोणी ऐकत नाही.

टप्पा ४: दार कोणतं, ते करार उघडून ठरवा

"सरकारी काम म्हणजे लवाद", म्हणजे वाद कोर्टाऐवजी नेमलेल्या तटस्थ व्यक्तीकडेच जातो, हा फार पसरलेला गैरसमज आहे. बी-१ करारनाम्यातलं कलम ३० अधीक्षक अभियंत्यांचा निर्णय अंतिम म्हणतं, आणि अनेक जण त्यालाच लवादाचं कलम समजून वर्षं घालवतात. विष्णू विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की ते लवादाचं कलम नाही. तुमचा करार त्याच नमुन्याचा असेल तर तुमचं दार दिवाणी दाव्याचं. तरी अधीक्षक अभियंत्यांकडे लेखी क्लेम द्या आणि करारात वर अपिलाची सोय व मुदत असेल तर तीही पाळा. "करारातला मार्ग वापरलाच नाही" हा बचाव खात्याच्या हाती देऊ नका.

करारात खरोखर लवादाचं कलम असेल तर १९९६ च्या लवाद कायद्याच्या कलम २१ ची नोटीस द्या. लवादाची कार्यवाही तिथून सुरू झाली असं धरतात. खातं एकतर्फी आपल्या मर्जीचा एकमेव लवाद नेमू शकत नाही, हे नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने स्पष्ट केलं आहे. लवादाच्या निवाड्याला आव्हान देण्याची मुदत तीन महिने आणि फार तर वर तीस दिवस. त्यानंतर न्यायालयाचे हात बांधलेले असतात.

रिट याचिकेचा मोह बऱ्याच जणांना होतो. रक्कम खात्यानेच लेखी मान्य केली आहे आणि फक्त देत नाही, असं असेल तर उच्च न्यायालयात राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली जाण्याचा विचार करा. मोजमापावर वाद असेल तर तुम्हाला दिवाणी न्यायालयाचा रस्ता दाखवला जाण्याचीच शक्यता जास्त.

लघुउद्योगांच्या २००६ च्या कायद्यातली, थकलेल्या पैशांचे वाद ऐकणारी सुविधा परिषद आणि तिप्पट बँकदराचं व्याज ऐकून खूप जण तिकडे धावतात. बांधकामाचा पूर्ण ठेका त्या कायद्यात बसत नाही, अशी भूमिका मुंबई उच्च न्यायालयाने घेतलेली आहे. तिथे वर्ष घालवण्याआधी वकिलाचं लेखी मत घ्या.

टप्पा ५: नोटीस, योग्य नावाने आणि योग्य पत्त्यावर

राज्य सरकारविरुद्ध दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस लागते. प्रतिवादी "महाराष्ट्र राज्य" असतं, कार्यकारी अभियंता नव्हे. नोटीस संबंधित विभागाच्या सचिवांकडे किंवा जिल्हाधिकाऱ्यांकडे पोहोचली पाहिजे. विभागीय कार्यालयाला प्रत द्या, पण फक्त तिथेच देऊन थांबू नका. केंद्राच्या कामाला "भारत संघ" आणि त्या मंत्रालयाचे सचिव, रेल्वेच्या कामाला त्या रेल्वेचे महाव्यवस्थापक.

बृहन्मुंबई महानगरपालिकेची गोष्ट वेगळी आहे. तिथे १८८८ च्या महापालिका कायद्याचं कलम ५२७ पाहावं लागतं: एक महिन्याची लेखी नोटीस, मुख्य कार्यालयात. वॉर्ड ऑफिसात दिलेल्या नोटिशीवर विसंबू नका. त्याच कलमात सहा महिन्यांची मुदतही लिहिलेली आहे. कराराच्या पैशांना ती लागते का, यावर वाद घातला जातो. म्हणून महापालिकेचं बिल अडकलं असेल तर तीन वर्षं हातात आहेत असं समजून बसू नका, वकिलाकडे लवकर जा.

नोटिशीत असायलाच हवं ते: तुमचं पूर्ण नाव, वर्णन आणि पत्ता, कामाचं नाव, करार क्रमांक, कार्यारंभ आदेशाची तारीख, दाव्याचं कारण कधी आणि कसं घडलं, चारही तक्ते, नेमकी मागणी. आणि व्याज. लेखी मागणीत व्याज मागितलंच नसेल, तर मागच्या काळाचं व्याज मिळवणं अवघड होऊन बसतं.

> तपासा: दोन महिने नोटीस पोहोचल्यापासून मोजायचे, पाठवल्यापासून नाही. आवक शिक्क्याची प्रत किंवा पोस्टाची पोच नोटिशीला टाचून ठेवा. नोटिशीचे दोन महिने पुरे होण्याच्या एक दिवस आधी लावलेला दावाही अडचणीत येतो.

टप्पा ६: मध्यस्थी टाळता येत नाही

बांधकामाचे करार वाणिज्यिक न्यायालय कायदा २०१५ मध्ये येतात आणि दाव्याचं मूल्य तीन लाख किंवा जास्त असेल तर तो वाणिज्यिक दावा ठरतो. तातडीचा मनाईहुकूम नको असेल तर कलम १२-अ प्रमाणे आधी विधी सेवा प्राधिकरणाकडे मध्यस्थीचा अर्ज करावाच लागतो. पाटील ऑटोमेशन खटल्यात २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे बंधनकारक ठरवलं. टाळलं तर दावा फेटाळला जातो.

खात्यातर्फे कोणी येईल का, हा प्रश्न रास्त आहे. पुष्कळदा येत नाही. पण मग "मध्यस्थी सुरू होऊ शकली नाही" असा अहवाल मिळतो, आणि तोच दाव्याला जोडायचा असतो. कलम ८० ची नोटीस पोहोचली की ते दोन महिने रिकामे न घालवता त्याच काळात हा अर्जही करा.

टप्पा ७: दावा दाखल करणं

मुंबईत दहा कोटीपर्यंतचे दावे आता शहर दिवाणी न्यायालयात आणि त्यावरचे उच्च न्यायालयात. काम दुसऱ्या जिल्ह्यातलं असेल तर "मंत्रालय मुंबईत आहे" एवढ्यावर दावा इथे चालेल असं धरू नका. काम कुठे झालं आणि करार कुठे झाला ते पाहा.

कोर्ट फी रकमेप्रमाणे वाढते. महाराष्ट्रात तिची कमाल मर्यादा २०१८ पासून दहा लाख रुपये आहे. ही रक्कम आधीच बाजूला काढा. फीची जुळवाजुळव करता करता मुदत गेलेले दावे मी पाहिलेत.

दाखल करण्याच्या आदल्या आठवड्यात या चार गोष्टी स्वतः पाहा.

भागीदारी फर्म असेल तर तिची नोंदणी. भागीदारी कायदा १९३२ च्या कलम ६९ मुळे नोंदणी नसलेल्या फर्मला कराराच्या हक्कासाठी दावाच लावता येत नाही, आणि ज्यांच्या नावाने दावा लावला जातो ते भागीदार निबंधकांच्या नोंदीत असावे लागतात. वडील गेले, मुलगा भागीदार झाला, बदल नोंदवायचा राहिला, हे आपल्या घराघरांतल्या फर्मचं नेहमीचं चित्र. दावा लावल्यावर धावपळ करून उपयोग नाही. दुरुस्ती आधी व्हावी लागते.

सगळे क्लेम एकाच दाव्यात. एकाच कराराच्या एकाच कारणातून आलेला क्लेम "नंतर लावू" म्हणून सोडलात तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २ नियम २ प्रमाणे तो पुन्हा लावता येत नाही.

सगळी कागदपत्रं दाव्यासोबतच. वाणिज्यिक दाव्यात मागाहून कागद आणायचा तर परवानगी मागावी लागते आणि उशिराचं कारण द्यावं लागतं. म्हणूनच दुसरा टप्पा आधी.

मराठी पत्रांची इंग्रजी भाषांतरं. एमबीवरचे शेरे, खात्याची पत्रं, शासन निर्णय बहुतेक मराठीत असतात आणि उच्च न्यायालयाचं काम इंग्रजीत चालतं. भाषांतर नीट वाचून घ्या. एका फाईलमध्ये "अदा करण्यात येईल" याचं भाषांतर "विचार करण्यात येईल" असं झालं होतं. मुदत वाचवणारं वाक्यच त्यात मेलं असतं.

टप्पा ८: दावा चालू असताना

समन्स मिळाल्यापासून १२० दिवसांनंतर प्रतिवादीला लेखी उत्तर देता येत नाही. सरकारलाही ही मर्यादा आहे, म्हणून समन्स बजावल्याचा अहवाल वेळेत रेकॉर्डवर येतोय का, याकडे वकिलासोबत तुम्हीही लक्ष ठेवा.

उत्तर आलं की पहिल्या तक्त्याशी ताडून पाहा. मोजमाप आणि रक्कम नाकारलीच नसेल, फक्त निधीचं कारण दिलं असेल, तर तेवढ्या रकमेपुरता कबुलीवरचा निकाल मागायला वकिलाला सांगा.

साक्षीला साइट पाहिलेला माणूस उभा करा. मालक म्हणून तुम्ही उभे राहिलात आणि उलटतपासणीत "खोदाईच्या दिवशी मी साइटवर नव्हतो" म्हणालात, तर तिसरा तक्ता ढासळतो. तेव्हाचा सुपरवायझर आज कुठे आहे हे आत्ताच शोधा आणि त्याचा नंबर फाईलच्या पहिल्या पानावर लिहा.

टप्पा ९: डिक्री मिळाल्यावर

सरकारविरुद्धची डिक्री, म्हणजे दाव्याच्या निकालाचा हुकूम, लगेच वसुलीला लावता येत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८२ प्रमाणे डिक्रीच्या तारखेपासून तीन महिने थांबावं लागतं. ते वाया घालवू नका. पहिल्याच आठवड्यात प्रमाणित प्रतीसाठी अर्ज करा आणि मुद्दल, व्याज, खर्च असा तारखेपर्यंतचा तक्ता करून बँक तपशिलासह विभागाच्या सचिवांना, अधीक्षक अभियंत्यांना आणि कार्यकारी अभियंत्यांना द्या.

खात्याने अपील करून स्थगिती मागितली तर रक्कम जमा करण्याची अट घालण्याची मागणी करा. लवादाच्या निवाड्याच्या बाबतीत, केवळ सरकार आहे म्हणून वेगळी सवलत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये म्हटलं आहे.

आणि "या लेखाशीर्षात निधी नाही" हे उत्तर आता आलं तर त्याला लेखी उत्तर द्या: राज्यघटनेच्या अनुच्छेद २०२(३) प्रमाणे न्यायालयाची डिक्री किंवा लवादाचा निवाडा भागवण्याची रक्कम राज्याच्या एकत्रित निधीवर भारित असते, म्हणजे त्या निधीतून ती द्यायचीच असते. हे पत्रही आवक शिक्का घेऊनच द्या. तीन महिने संपल्यावर दरखास्तीला, म्हणजे डिक्रीच्या वसुलीच्या अर्जाला, जोडायला ते लागेल.